माझं पोरगं चौथी पास झालं आणि माझा लोकस गेला

ओढ्यापलीकडचा (धागाकर्ता)

मंडळी, धाग्याचं नाव वाचून हसू नका. खरंच असं झालंय.

राधानगरी तालुक्यातली आमची वाडी. नाव मुद्दाम देत नाही, इथले निम्मे लोक पाव्हणे निघतात आणि उद्या आमच्या मास्तरांना त्रास नको. जिल्हा परिषदेची पहिली ते चौथीची शाळा, पट अकरा, शिक्षक दोन. जूनमध्ये केंद्रप्रमुख आले, चहा घेतला आणि चप्पल घालता घालता म्हणाले, यंदापासनं पोरं खालच्या गावच्या शाळेत बसवायची, पत्र येईल. पत्र आलं. चार ओळींचं. "वरिष्ठांच्या सूचनेनुसार विद्यार्थ्यांचे नजीकच्या शाळेत समायोजन करावे." नजीकची शाळा म्हणजे डांबरी रस्त्यानं सव्वादोन किलोमीटर. मधल्या पायवाटेनं कमी पडतं, पण मध्ये ओढा आहे. जुलै-ऑगस्टात त्याचं पाणी फरशीवरनं जातं. मोठी माणसं काठी टेकत जातात, सहा वर्षांचं पोर कसं जाणार?

मी शाळा व्यवस्थापन समितीचा अध्यक्ष. समितीचा ठराव केला, ग्रामसभेचा केला, निवेदनं दिली. आता कोल्हापुरातच हायकोर्टाचं सर्किट बेंच झालंय, म्हटलं महालक्ष्मी एक्सप्रेसनं रात्रभर मुंबईला जायचा वनवास संपला, गाठू वकील. गाठला. त्यांनी सगळं ऐकून घेतलं आणि विचारलं, "तुमचं मूल सध्या या शाळेत आहे?"

म्हटलं, होतं की. यंदा चौथी पास झालं, पाचवीला हायस्कूलला गेलं.

त्यांनी पेनाला टोपण लावलं. "मग तुमचा लोकस काय?" म्हणजे कोर्टात यायचा हक्क काय.

चार वर्षं शाळेच्या पत्र्याला डांबर मारलं, पोषण आहाराच्या तांदळाची पोती डोक्यावरनं आणली, आणि आता म्हणे मी कोण! जाणकारांनी सांगावं. सरकारच्या अशा हुकुमाविरुद्ध कोर्टात उभं नक्की कोण राहू शकतं? समिती? गाव? की कोणीच नाही?

तांबडा_पांढरा

वाखूसा (वाचनखूण साठवली). मलाही उत्तर पाहिजे.

अवांतर: टोपण लावलं म्हणजे फी घेतली नाही असं समजायचं का?

काळा_कोट

त्या वकिलांचा प्रश्न बरोबर होता. टोपण तेवढं लवकर लावलं. (कागद बघितलेले नाहीत, तेव्हा खालचं सगळं गप्पा म्हणून वाचा.)

लोकस म्हणजे दुसरं काही नाही. कोर्ट पहिल्या पाच मिनिटांत विचारतं, या हुकुमानं तुमचं काय गेलं? तुम्हाला वाईट वाटलं, अपमान झाला, गावाची शान गेली, याला उत्तर म्हणत नाहीत. कायद्यानं तुम्हाला दिलेलं काहीतरी काढून घेतलं गेलं पाहिजे. सुप्रीम कोर्टाचा १९७६ चा जसभाई देसाई खटला आम्हाला कॉलेजात पाठ करावा लागायचा. गुजरातेत एका टॉकीजवाल्यानं शेजारी होणाऱ्या दुसऱ्या टॉकीजच्या ना-हरकत दाखल्याला आव्हान दिलं. कोर्ट म्हणालं, तुझा गल्ला कमी होईल हे खरं, पण शेजारी टॉकीज असू नये असा हक्क तुला कुठल्या कायद्यानं दिलाय? त्याच निकालात कोर्टानं माणसांची वर्गवारी केली. एक ज्याला खरोखर झळ बसली तो, एक तिऱ्हाईत, आणि एक उगाच नाक खुपसणारा. तिसऱ्याला दारातूनच परत पाठवायचं, दुसऱ्याचं प्रकरण बघून ठरवायचं.

आता तुमच्या वाडीत हुकुमाची झळ कुणाला? शिक्षण हक्क कायदा २००९ चा, लागू १ एप्रिल २०१० पासून. त्यात जवळच्या शाळेचा हक्क कुणाला दिलाय? सहा ते चौदा वयाच्या मुलाला. महाराष्ट्राच्या २०११ च्या नियमांत पहिली ते पाचवीसाठी १ किलोमीटर आणि सहावी ते आठवीसाठी ३ किलोमीटर असं अंतर धरलंय. शाळा पुरवायचं कर्तव्य स्थानिक प्राधिकरणाचं, म्हणजे तुमच्याकडं जिल्हा परिषदेचं. तेव्हा हक्क अकरा पोरांचा आहे. तुमचा कधीच नव्हता, तुमच्या पोराचा होता, आणि ते पास होऊन गेलं.

म्हणून याचिका पोराच्या नावानं करायची. सातबाऱ्यावर अज्ञान वारसाच्या नावापुढं "अ.पा.क. (अज्ञान पालनकर्ती) आई" लिहितात, अगदी तसंच. दुसरीतली एखादी पोरगी, तर्फे तिची आई. एवढं झालं की लोकसचा प्रश्न पहिल्या पाच मिनिटांतच मिटतो.

ओढ्यापलीकडचा

म्हणजे समितीचा ठराव रद्दी?

काळा_कोट

रद्दी कशाला? जोडपत्र म्हणून लावायचा. पण समितीला एकटीला याचिकाकर्ती करू नका. कायद्याच्या कलम २१ नं समिती जन्माला घातली, तीन-चतुर्थांश सदस्य पालक, निम्म्या महिला, सगळं सांगितलं. पण ही समिती म्हणजे कंपनीसारखी स्वतंत्र कायदेशीर व्यक्ती, स्वतःच्या नावानं दावा करेल, असं कुठं लिहिलेलं नाही. सरकारी वकील तिथंच वाद घालत बसतील आणि तुमची एक तारीख फुकट जाईल. समितीतले पालक स्वतःच्या पोरांसाठी उभे राहिले की तो वादच नको.

आणि अध्यक्षपदाचं म्हणाल तर, समितीत तुम्ही पालक म्हणून होता. पोर शाळेतून गेलं, पालकपण गेलं. नवीन अध्यक्ष निवडून घ्या आधी. नाहीतर ठरावावर सही कुणाची, यावरून आणखी एक टोपण लागेल.

मास्तरीणबाई

एक विनंती. या भानगडीत शाळेच्या शिक्षकांना पुढं करू नका. मुख्याध्यापक समितीचा सदस्य-सचिव असतो, ठरावाची वही त्याच्याच कपाटात, त्यामुळं गावकऱ्यांना वाटतं मास्तरच अर्ज लिहून देतील. आम्ही जिल्हा परिषदेचे नोकर. मनात काहीही असलं तरी वर्तणूक नियम आहेत, आणि बदली हा शब्द तर आम्हाला झोपेतही ऐकू येतो. वहीतल्या ठरावाची नक्कल मागा, ती देणं त्यांचं कामच आहे. त्यापुढं त्यांचं नाव नको.

समितीच्या अधिकाराबद्दल मात्र माझं मत काळा_कोट यांच्यापेक्षा थोडं वेगळं आहे. गणवेशाचं आठवा. आधी समिती कापड बघायची, गावातल्या शिंप्याकडं मापं जायची. २०२४-२५ ला राज्यभर एकच गणवेश म्हणून कापड वरनं आलं आणि शिलाई बचत गटांकडं गेली. आमच्या शाळेत पहिलीतल्या एका पोराच्या चड्डीत दोन पोरं मावली असती, आणि चौथीतल्या मुलीचा कुडता कोपराच्या वर. पालक येऊन आमच्याशी भांडायचे. डिसेंबर २०२४ मध्ये शासनानं निर्णय फिरवला आणि काम परत समितीकडं आलं. आमच्या केंद्रातली एकही समिती कोर्टात गेली नव्हती. पण समजा गेली असती, तर तिचं काहीच गेलं नव्हतं असं कोर्ट म्हणालं असतं का? अधिकार तिचाच होता की!

काळा_कोट

मास्तरीणबाई, मुद्दा सोळा आणे. समितीच्याच अधिकारावर घाला आला तर समितीची बाजू भक्कम होते. तिथंही मी दोन पालक सोबत घातलेच असते. भित्रा वकील समजा.

गंगावेस

सगळे एका सुरात बोलताय म्हणून विचारतो. अकरा पोरांसाठी दोन मास्तर, इमारत, वीज बिल. खालच्या शाळेत साठ-सत्तर पोरं असतील, खेळायला संघ होतो, वर्गाला वर्ग मिळतो. वाडीतलं पोर चौथीपर्यंत एकाच खोलीत चार इयत्ता ऐकत बसतं, ते कसलं शिक्षण? सरकारचं चुकलं कुठं? कोर्टात कोण जाऊ शकतो हे विचारता, जावं का हे कोण विचारणार?

ओढ्यापलीकडचा

गंगावेस, तुमचं निम्मं पटतं. गाडी दिली असती तर मी पहिला पोरं बसवून दिली असती. गाडीचं विचारलं तर म्हणाले, तरतूद आली की बघू. पोरं मात्र सोमवारपासनं पाठवा!

निवृत्त_हेडमास्तर

कोल्हापुरात शाळेवरचा कोणताही वाद शाहू महाराजांचे नाव घेतल्याशिवाय पूर्ण होत नाही, तेव्हा ते काम मी उरकून घेतो. १९१७ साली संस्थानात सक्तीचे व मोफत प्राथमिक शिक्षण आले, तेव्हा मूल शाळेत न पाठवणाऱ्या पालकाला महिना एक रुपया दंड होता. त्या काळचा एक रुपया. माझे आजोबा सांगत की दंडाच्या धाकाने बैलामागचे पोर सोडून शाळेत पाठवले गेले, ते पोर म्हणजे ते स्वतः. तेव्हा सरकार पालकाला विचारत होते, पोर शाळेत का नाही. आज पालक सरकारला विचारतो आहे, पोराजवळ शाळा का नाही. विचारणाऱ्याची जागा बदलली, एवढाच फरक.

गंगावेस यांच्या प्रश्नालाही उत्तर देतो. मी पंधरा वर्षे दोन-शिक्षकी शाळेत काढली. चार इयत्ता एका खोलीत शिकवणे अवघड असते हे खरे, वाईटच असते हे खोटे. पहिलीतली पोरे तिसरीचे पाढे ऐकून ऐकून पाठ करत. पण पट चार-पाचवर आला की शाळेत जीव राहत नाही, हेही मी पाहिले आहे. शिक्षण आयुक्तांनी सप्टेंबर २०२३ मध्ये २० पेक्षा कमी पटाच्या शाळांसाठी समूह शाळांचे (जवळच्या लहान शाळा एकत्र करून एक शाळा) प्रस्ताव मागवले, तेव्हा तोरणमाळ आणि पानशेतची उदाहरणे दिली होती. तेथे आधी सोय उभी केली, मग मुले हलवली. धागाकर्त्यांच्या वाडीत मुले आधी हलत आहेत. माझा आक्षेप या क्रमाला आहे.

काळा_कोट

हेडमास्तरांनी समूह शाळांचं पत्र काढलं ते बरं झालं, त्यातनं एक महत्त्वाची गोष्ट निघते. ते पत्र आलं तेव्हा माझ्याकडं तीन गावं आली होती, रिट (सरकारी हुकुमाविरुद्धची हायकोर्टातली याचिका) करा म्हणून. तिघांनाही परत पाठवलं. त्या पत्रानं प्रस्ताव मागवले होते, कुठल्याही पोराला हलवलं नव्हतं. प्रस्तावानं कुणाचं काही जात नाही. कोर्ट म्हणतं, अजून घडलंच नाही, घडल्यावर या. लोकसवाला माणूस असला तरी वेळ यावी लागते. उलट जास्त थांबलात तर विचारतात, इतके दिवस झोपला होता का? रिटला ठराविक मुदत नाही म्हणून सहा महिने निवेदनं देत बसू नये.

धागाकर्ते, तुमच्याकडचं पत्र गटशिक्षणाधिकाऱ्यांचं आहे ना? "वरिष्ठांच्या सूचना" म्हणजे कुठला कागद, त्याची नक्कल मागा. आव्हान त्या चार ओळींना द्यायचं की मूळ शासन निर्णयाला, हे त्यावर ठरेल. शासन निर्णय असला तरी घाबरायचं कारण नाही. तो प्रशासकीय हुकूम असतो, कायदा आणि नियमांच्या वर जात नाही. नियमात १ किलोमीटर आणि पत्रामुळं पोर दोन किलोमीटर चालणार असेल, तर तुमचं भांडण धोरणाशी नाही, नियमभंगाशी आहे. कोर्टाला धोरणात हात घालायला आवडत नाही, नियम मोडलेला दाखवला की ऐकतं.

आणि सरकार काय म्हणणार तेही आत्ताच सांगतो. "वाहतुकीची सोय करू." त्याला तुमचं उत्तर तयार पाहिजे.

आरटीआयवाला

एवढा द्राविडी प्राणायाम कशाला? जनहित याचिका टाका. १९८१ च्या एस. पी. गुप्ता निकालापासून कुणीही सार्वजनिक प्रश्नावर कोर्टात जाऊ शकतो. मी जातो माझ्या नावानं, राज्यातल्या सगळ्या छोट्या शाळांसाठी. वाडीपुरतं बघून काय होणार?

काळा_कोट

"कुणीही, कशावरही" असा त्या निकालाचा अर्थ नाही हो. तिथं कायदामंत्र्यांच्या परिपत्रकाला वकिलांनी आव्हान दिलं होतं आणि कोर्टानं त्यांना ऐकलं, कारण न्यायव्यवस्थेशी त्यांचा संबंध होता. ज्यांना गरिबीमुळं, अज्ञानामुळं कोर्टाची पायरी चढता येत नाही, त्यांच्या वतीनं दुसरा प्रामाणिकपणे येऊ शकतो, असा तो दरवाजा उघडला. त्या दरवाज्यातून मग इतके लोक घुसले की २०१० मध्ये बलवंतसिंग चौफाल प्रकरणात सुप्रीम कोर्टाला हायकोर्टांना सांगावं लागलं, नियम करा. मुंबई हायकोर्टाचे जनहित याचिकेचे नियम २०१० सालचेच आहेत. तुम्ही कोण, तुमचा यात स्वार्थ काय, पैसा कुणाचा, हे सगळं प्रतिज्ञापत्रावर सांगावं लागतं.

तुमचा हेतू चांगला आहे यात शंका नाही. पण राज्यभरच्या याचिकेत सरकार राज्यभरचं उत्तर देईल, शंभर पानी, आणि ओढा कुठल्या पानावर आहे ते सापडायचं नाही. शिवाय ज्या गावाला शाळा एकत्र झालेली हवी आहे, त्याच्या वतीनं तुम्ही नको म्हणणार का?

हां, पालक आणि संघटना एकत्र गेले की काय होतं याचं ताजं उदाहरण आहे. ९ फेब्रुवारी २०२४ च्या अधिसूचनेनं सरकारी किंवा अनुदानित शाळेपासून १ किलोमीटरच्या आतल्या खाजगी विनाअनुदानित शाळांना शिक्षण हक्क कायद्यातल्या वंचित-दुर्बल मुलांच्या २५ टक्के प्रवेशातून सूट दिली होती. पालक गेले, संघटना गेल्या. मे महिन्यात स्थगिती आली आणि १९ जुलै २०२४ ला हायकोर्टानं अधिसूचना रद्द केली. गंमत म्हणजे खाजगी शाळाही मध्ये पडल्या, त्या जागांवर आम्ही प्रवेश देऊन बसलोय म्हणून. त्यांनाही कोर्टानं ऐकलं आणि झालेले प्रवेश सांभाळले. झळ दोन्ही बाजूंना बसू शकते.

राजारामपुरी_आठवी_गल्ली

माझी मुलगी इंग्रजी माध्यमाच्या विनाअनुदानित शाळेत आहे. आम्हाला या समितीबिमितीचा काही उपयोग? फी दरवर्षी वाढते.

काळा_कोट

नाही. कलम २१ ची समिती विनाअनुदानित शाळेला लागूच नाही. तुमचा कायदा वेगळा, २०११ चा फी नियमनाचा. त्यात पालक-शिक्षक संघ आणि त्यातून कार्यकारी समिती. नंतरच्या दुरुस्तीनं विभागीय समितीकडं तक्रार न्यायला २५ टक्के पालक एकत्र लागतात. म्हणजे इथं लोकस डोकी मोजून मिळतो. व्हॉट्सअॅप ग्रुपवर अंगठे मोजू नका, सह्या मोजा.

संस्थेचा_सेक्रेटरी

धागा वाचून माझी जखम उघडी पडली. मी दुसऱ्या टोकाचा माणूस, अनुदानित हायस्कूल चालवणाऱ्या संस्थेचा.

आमच्या मंडळात फूट पडली. दोन सभा, दोन कार्यकारिण्या, धर्मादाय कार्यालयात दोन चेंज रिपोर्ट (विश्वस्त बदलल्याची नोंद मागणारे अर्ज). अशात एका दुपारी शिक्षण खात्याचं पत्र आलं, पगारबिलावरच्या सह्यांचे अधिकार दुसऱ्या गटाच्या माणसाला. सह्यांचे अधिकार म्हणजे काय हे बाहेरच्याला कळत नाही. पगार, वैयक्तिक मान्यता, शालार्थ आयडीचे (ऑनलाइन पगारासाठीचा क्रमांक) प्रस्ताव, सगळं त्या एका सहीतून जातं. सही ज्याची, संस्था त्याची. शिपाईसुद्धा दुसऱ्या दिवशीपासनं त्याला उठून नमस्कार करायला लागला.

मी तावातावानं मुंबईला गेलो, रिट टाकली, "मी, अमुक संस्थेचा सेक्रेटरी". पहिल्याच तारखेला समोरच्यांनी विचारलं, तुम्हाला संस्थेनं पाठवल्याचा ठराव कुठाय? ठराव नव्हता. असता तरी कुठल्या कार्यकारिणीचा? ज्या पदावरनं मी भांडत होतो, तेच पद वादात. दोन वर्षं गेली. शेवटी रिट काढून घेतली आणि धर्मादाय कार्यालयात बसलो.

तर धागाकर्ते, तुमचं पोर चौथी पास होऊन लोकस गेला. माझा खुर्चीवर बसल्या बसल्या गेला.

काळा_कोट

सेक्रेटरीसाहेब, तुमच्यासारखी प्रकरणं कोल्हापूर-सांगलीत पायलीला पन्नास. विश्वस्त कोण हे ठरवायचा अधिकार शिक्षणाधिकाऱ्यांना नाही, तो धर्मादाय आयुक्तांकडचा विषय. १९५० च्या सार्वजनिक विश्वस्त कायद्यात शेड्यूल एकवर (विश्वस्तांच्या नोंदवहीत) शेवटची निर्विवाद नोंद कुणाची, तो कागद आधी काढायचा आणि त्यावर उभं राहून बोलायचं. तुम्ही छतावरनं सुरुवात केली.

एक सांगून ठेवतो. अनुदानित शाळांतही शाळा व्यवस्थापन समिती असते, पण २०१२ च्या दुरुस्तीनं तिचं काम फक्त सल्ला देण्याचं ठेवलंय. त्यामुळं तुमच्या भांडणात पालकांच्या समितीनं ठराव केला म्हणून कुणाचं पारडं जड होत नाही. खाजगी शाळा सेवाशर्ती नियमावलीतली शाळा समिती वेगळी. त्यात व्यवस्थापनाचे चार, एक शिक्षक आणि मुख्याध्यापक पदसिद्ध सचिव. नावं सारखी असल्यानं लोक गफलत करतात. अर्जात कुठली समिती ते स्पष्ट लिहा.

मास्तरीणबाई

आणि शिक्षकांचं काय? १५ मार्च २०२४ च्या शासन निर्णयानं संचमान्यतेचे (पटावरून शाळेला किती शिक्षक मंजूर) निकष बदलले, कमी पटाच्या शाळांत पदंच उडाली. सहावी ते आठवीला पट वीसच्या आत गेला की शिक्षक शून्य. पालकानं त्याविरुद्ध जायचं का शिक्षकानं?

काळा_कोट

पद गेलं शिक्षकाचं, वर्ग गेला पोराचा. दोघंही जाऊ शकतात, पण दोघांनी वेगळं मागायचं. शिक्षकानं नोकरीबद्दल, पालकानं "माझ्या पोराला शिकवणार कोण" याबद्दल. तिऱ्हाईतानं मात्र शिक्षकांच्या नोकरीवर जनहित याचिका करू नये. सेवाविषयक बाबींत ती चालत नाही, हे सुप्रीम कोर्टानं १९९८ ला दुर्योधन साहू प्रकरणात सांगून टाकलंय. खाजगी शाळेतल्या शिक्षकाला बडतर्फ केलं किंवा डावललं तर कोल्हापुरात शाळा न्यायाधिकरण आहे, तीस दिवसांत अपील. तिथं संस्थाही समोर आणि पालकाला जागाच नाही.

धागाकर्ते, एक राहिलं. कोर्ट विचारेल, आधी तक्रार केली का? शिक्षण हक्क कायद्याच्या कलम ३२ खाली स्थानिक प्राधिकरणाकडं लेखी तक्रार करता येते, तीन महिन्यांत निर्णय द्यायचा असतो, पुढं अपील राज्य बालहक्क आयोगाकडं. निवेदन नको, "कलम ३२ खालील तक्रार" असा मथळा घाला आणि आवक क्रमांक घ्या. पोरांचं वर्ष वाया जातंय म्हणून तीन महिने थांबावंच लागेल असं नाही, पण कागद फाइलला असू दे.

तांबडा_पांढरा

या धाग्यावर काळा_कोट यांचं बिल किती झालं असेल?

काळा_कोट

फडतऱ्यांची मिसळ. एक्स्ट्रा कट धरून.

ओढ्यापलीकडचा

मंडळी, दहा दिवसांनी येतोय. जे झालं ते सांगतो.

नवीन अध्यक्ष निवडला. निवडली. दुसरीतल्या एका पोरीची आई, बारावी शिकलेली. पहिल्या सभेला म्हणाली, मला बोलता येत नाही, आणि मग पाऊण तास बोलली. "वरिष्ठांच्या सूचना" मागितल्या तर एक तक्ता मिळाला. त्यात आमच्या वाडीपुढं लिहिलंय, नजीकच्या शाळेचं अंतर ०.९ किमी. आम्ही एकमेकांकडं बघतच राहिलो. नंतर कळलं, मोबाइलच्या नकाशावर सरळ रेघ मारली होती. ती रेघ ओढ्यावरनं, एका गोठ्यातनं आणि पाटलांच्या उसातनं जाते.

मग ग्रामपंचायतीची तीस मीटरची टेप घेतली आणि मोजलं. आमच्या शाळेच्या पायरीपासनं खालच्या शाळेच्या फाटकापर्यंत. टेपचं एक टोक त्या दुसरीतल्या पोरीनं धरलं, सोडायला तयारच नव्हती. पायवाटेनं ११८०, डांबरीनं २२९० मीटर. ओढ्यापाशी टेप पाण्यात धरावी लागली, त्या ठिकाणाचा फोटो काढला. वकील (टोपणवालेच, दुसऱ्यांदा गेलो तेव्हा चहा दिला) म्हणाले, दोन्ही अंतरं लिहा आणि बांधकाम खात्याचा दाखला मागा. अंतरावरच वाद झाला तर कोर्ट टेप घेऊन येणार नाही.

कलम ३२ ची तक्रार दिली, आवक क्रमांक मिळाला. याचिकेला सहा आया तयार होत्या, चार राहिल्या. एकीचा नवरा कंत्राटावर पंचायत समितीत आहे, दुसरीनं कारण सांगितलं नाही आणि आम्ही विचारलं नाही.

गंगावेस यांनी विचारलेलं मी सभेत वाचून दाखवलं. दोघी म्हणाल्या, गाडी दिली तर आम्ही खालच्या शाळेत पाठवू. तेही याचिकेत घातलंय, शाळा ठेवा नाहीतर आधी गाडी. वकिलांना ते आवडलं.

उद्या सकाळी सातच्या एसटीनं चौघी कोल्हापूरला, वकीलपत्रावर सह्या करायला. मीही आहे, पिशवी धरायला.

तांबडा_पांढरा

पिशवीत छत्री टाका. आणि एसटीनं जाताय तेच बरं, कोर्टापाशी, सीपीआर दवाखान्यासमोर गाडी लावायला जागा मिळत नाही.